कॅमेऱ्यामागचा बेकर

लुई मालच्या 'फँटम इंडिया'विषयी आपल्याकडे बोलणे निघाले की भांडण मालशी होते. परक्याने येऊन आपले दारिद्र्य चव्हाट्यावर मांडले, ही ती तक्रार. बीबीसीने ही सात भागांची मालिका दाखवल्यावर आपले सरकार इतके संतापले की १९७० मध्ये बीबीसीचे दिल्लीतले कार्यालय बंद झाले. परंतु ज्या नजरेवर एवढा राग होता, ती कोणाची? छायालेखक होता एतिएन बेकर, आणि त्याच्याविषयी मराठीत काही लिहिलेले माझ्या वाचनात नाही.

'कास्क दोर'चा दिग्दर्शक झाक बेकर याचा हा मुलगा. क्रिस मार्करच्या 'ल झोली मे'च्या (१९६३) चित्रणात त्याचा सहभाग होता. १९६८च्या जानेवारीत माल, ध्वनिमुद्रक झाँ-क्लोद लोरो आणि बेकर असे तिघेच भारतात आले. पटकथा नव्हती. हाताशी १६ मिमीचा कॅमेरा. काही महिन्यांच्या भटकंतीतून ही मालिका आणि 'कलकत्ता' हा स्वतंत्र चित्रपट निघाला.

स्टुडिओत दिग्दर्शक चौकट ठरवतो, तालीम घेतो, मग कॅमेरा सुरू होतो. रस्त्यावर तसे चालत नाही. कुठे वळायचे, किती वेळ थांबायचे हे दिग्दर्शकाने सांगेपर्यंत प्रसंग संपलेला असतो. तो निर्णय छायालेखकालाच घ्यावा लागतो. मालचे निवेदन नंतरचे, संकलन झाल्यावरचे. पाहणे आधी झाले होते.

पहिल्या भागाचे नावच 'अशक्य कॅमेरा' असे आहे. त्यात माणसे थेट भिंगात पाहतात. एरवी अशी चित्रे बिघडली म्हणून टाकून दिली जातात. येथे ती ठेवली आहेत, आणि त्या डोळ्यांसमोरून कॅमेरा हलत नाही. याच भागात गिधाडे जनावराचे प्रेत फाडतात. आपण ज्याचे नाट्य केले ते इथल्या लोकांना नित्याचे आहे, अशी कबुली माल स्वतःच देतो. तेव्हा ही नजर निरागस होती, असे मी म्हणणार नाही.

मात्र ती फक्त गरीब देशासाठी राखून ठेवलेली होती का? चार वर्षांनी हाच बेकर मालबरोबर रेन शहरातल्या सित्रोएनच्या मोटार कारखान्यात गेला. 'युमँ, त्रो युमँ'मध्ये निवेदन जवळजवळ नाहीच. जोडणीच्या पट्ट्यावर एकेक कामगार तीच हालचाल पुन्हा पुन्हा करतो आणि कॅमेरा त्याच्या हातांवर इतका वेळ राहतो की आपल्यालाच अवघडल्यासारखे होते. मध्येच पॅरिसच्या मोटार प्रदर्शनातली नटलेली गर्दी येते, त्या हातांनी बनवलेल्या गाड्या न्याहाळणारी. 'प्लास द ला रेपुब्लिक'मध्ये तर चित्रण करणारी मंडळीच पॅरिसच्या चौकात पडद्यावर दिसतात, त्यांना वाटसरू प्रश्न विचारतात. आपल्यावर रोखलेली नजर बेकरने स्वदेशीयांवरही तितकीच चिवटपणे रोखली होती. आपल्याकडच्या वादात हे चित्रपट कोणी जमेस धरलेले नाहीत.

पुढे तो कथापटांकडेही वळला: रोबेर आँरिकोचा 'ल व्हिए फ्युझी' (१९७५), भाऊ झाँ बेकरचा 'लेते मर्त्रिए' (१९८३). नेमस्त, देखणे काम. माझे मन मात्र रेनच्या कारखान्यात अडकते.

'फँटम इंडिया'चा शेवटचा भाग मुंबईचा आहे. मिळाला तर तो एकदा आवाज बंद करून पाहावा.