गाडीतला रिले : बिघाड ओळखणे आणि बदलणे

स्टिअरिंगवरचे हॉर्नचे बटण बोटाच्या हलक्या दाबाने चालते, कारण हॉर्नला लागणारा करंट त्या बटणातून जातच नाही. बटण दाबले की जेमतेम ०.१५ अँपिअरचा प्रवाह बॉनेटखालच्या एका चौकोनी डबीत पोहोचतो आणि ती डबी बॅटरीकडून हॉर्नकडे जाणारा कितीतरी मोठा प्रवाह सुरू करते. ही डबी म्हणजे रिले. हेडलाइट, रेडिएटरचा पंखा, पेट्रोलचा पंप, एसीचा कॉम्प्रेसर, स्टार्टर, अशा जास्त करंट खाणाऱ्या बहुतेक उपकरणांच्या वाटेत एक रिले बसवलेला असतो. त्यामुळे जाड वायर स्विचपर्यंत खेळवावी लागत नाही आणि स्विचही जळत नाही.

लहान प्रवाहाने मोठा प्रवाह ताब्यात ठेवण्याची ही युक्ती मोटारीपेक्षा जुनी आहे. अमेरिकी शास्त्रज्ञ जोसेफ हेन्री यांनी १८३०च्या दशकात ती करून दाखवली आणि पुढे तारायंत्राच्या लांबलचक तारांवर ती मोठ्या प्रमाणावर वापरली गेली. आजच्या गाडीतला रिलेही त्याच तत्त्वावर चालतो. आत लोखंडी गाभ्याभोवती बारीक तांब्याच्या तारेची कॉइल असते, तिच्यावर स्प्रिंगने ओढून धरलेली एक लोखंडी पट्टी असते आणि पट्टीच्या टोकाला चांदीच्या मिश्रधातूचा पॉइंट असतो. कॉइलमधून प्रवाह गेला की गाभा चुंबक होतो, पट्टी खेचली जाते, ‘टक्’ असा आवाज येतो आणि पॉइंट समोरच्या पॉइंटला चिकटतो. प्रवाह थांबला की स्प्रिंग पट्टीला मागे ओढते.

रिलेच्या बुडाशी चार किंवा पाच पिना असतात आणि त्यांच्याजवळ आकडे छापलेले असतात. हे आकडे जर्मन मानकातून आले आणि आता भारतातल्या गाड्यांतही सर्रास दिसतात. ८५ आणि ८६ ही कॉइलची दोन टोके. ३० वर बॅटरीचा करंट येतो, तर ८७ वरून तो उपकरणाकडे जातो. पाचवी पिन असलीच तर ती ८७ए. रिले बंद असताना ३० ही ८७ए ला जोडलेली असते आणि चालू झाल्यावर तिला सोडून ८७ ला लागते. काही कंपन्या या आकड्यांऐवजी १, २, ३, ५ असे स्वतःचे क्रमांक देतात. अशा वेळी रिलेच्या अंगावर छापलेली आकृती पाहावी. कॉइल आणि पॉइंट कुठल्या पिनांवर आहेत हे तिच्यावरून कळते.

रिले बिघडतो तो बहुधा पॉइंटपाशी. पॉइंट विलग होताना त्यांच्यामध्ये क्षणभर ठिणगी पडते आणि दर वेळी चांदीचा सूक्ष्म थर उडतो. मोटर सुरू होताना ती नेहमीच्या कित्येक पट करंट ओढते. थंड असलेल्या बल्बच्या तारेचेही तसेच असते. हा धक्का पॉइंट रोज सोसतात. हळूहळू त्यांना खळगे पडतात, काजळी धरते, विरोध वाढतो, विरोधामुळे उष्णता वाढते आणि उष्णतेने पॉइंट आणखी खराब होतात. शेवटी एकतर पॉइंट जुळूनही करंट पुढे जात नाही, नाहीतर ते वितळून एकमेकांना चिकटतात आणि उपकरण बंदच होत नाही.

कॉइल जळण्याचे प्रमाण त्यामानाने कमी. तिसरा दोष मात्र फसवा असतो, तो म्हणजे आतल्या सोल्डरच्या जोडाला गेलेली बारीक भेग. अमेरिकेत १९९०च्या दशकातल्या होंडा सिव्हिक आणि अकॉर्ड गाड्यांचा मुख्य रिले यासाठी प्रसिद्ध झाला. गाडी उन्हात उभी राहिली की तापलेला जोड उघडायचा, पेट्रोलचा पंप चालायचा नाही आणि इंजिन सुरू होत नसे. गाडी थंड झाली की सारे सुरळीत. उष्ण प्रदेशात गाडी फक्त दुपारीच रुसत असेल तर ही शक्यता ध्यानात घ्यायला हवी. कोकण आणि मुंबईच्या पावसाळ्यात दुसरेच संकट असते. फ्यूज बॉक्समध्ये ओल शिरते आणि पिनांवर हिरवट गंज चढतो. रिले आतून ठणठणीत असूनही त्याच्यापर्यंत करंट पोहोचत नाही.

तपासणीचा क्रम समजण्यासाठी रेडिएटरच्या पंख्याचे उदाहरण सर्वांत उपयोगी, कारण हा रिले दगावला तर इंजिनचेच नुकसान होते. लक्षण ठरलेले असते. गाडी महामार्गावर धावत असताना समोरचा वारा रेडिएटर थंड ठेवतो, त्यामुळे काहीच जाणवत नाही. शहरातल्या गर्दीत किंवा घाटातल्या कोंडीत गाडी थांबली की तापमानाचा काटा वर चढू लागतो आणि एसीची हवा कोमट होते. गाडी पुन्हा धावू लागली की दोन्ही पूर्ववत. याचा अर्थ पंखा लागत नाही. काटा लाल पट्ट्यात गेला तर गाडी बाजूला घेऊन इंजिन बंद करावे. गरम रेडिएटरचे झाकण मुळीच उघडू नये, आतले उकळते पाणी दाबाने अंगावर येते.

पंखा लागत नाही म्हणजे रिलेच गेला, असे नव्हे. फ्यूज, रिले, मोटर, वायर, तापमान मोजणारा सेन्सर आणि हुकूम देणारा ईसीयू (इंजिनचा संगणक) या साखळीत कुठेही तुटलेले असू शकते. म्हणून सर्वांत आधी फ्यूज पाहावा. फ्यूज उडालेला असेल तर तो कुठल्या तरी वायरचा शॉर्ट किंवा अडकलेली मोटर दाखवतो. नुसता नवा फ्यूज घालून भागत नाही, आणि जास्त अँपिअरचा घालणे तर घातकच. मग फ्यूजऐवजी वायर जळते.

फ्यूज शाबूत असेल तर रिलेकडे यावे. फ्यूज बॉक्सच्या झाकणाच्या आतल्या बाजूला कोणता रिले कशाचा याचा नकाशा असतो. बहुतेक गाड्यांत एसी सुरू केला की पंखाही सुरू होतो, त्यामुळे इंजिन तापायची वाट पाहावी लागत नाही. एकाने आत बसून एसी लावावा आणि दुसऱ्याने रिलेवर बोट टेकवावे. पंख्याच्या पात्यांपासून हात आणि कपडे दूरच ठेवावेत. टक्कन आवाज आला, बोटाला ठोका जाणवला, तर कॉइल चांगली आहे आणि तिला हुकूमही मिळतो आहे. अनेक जण इथेच फसतात आणि आवाज आला म्हणून रिलेला निर्दोष ठरवतात. आवाज फक्त पट्टी हलल्याचा असतो. पॉइंटमधून करंट पुढे गेला की नाही, ते त्या आवाजातून कळत नाही.

यानंतरची चाचणी बिनखर्चाची आहे. त्याच बॉक्समध्ये हॉर्नचा किंवा एसीचा तसाच रिले असतो. तो पंख्याच्या जागी आणि पंख्याचा त्याच्या जागी लावून पाहावा. पंखा फिरू लागला आणि हॉर्न मुका झाला, तर निदान झाले. दोन्ही रिलेंचा पार्ट नंबर एकच असल्याची मात्र आधी खात्री करून घ्यावी. बाहेरून सारख्या दिसणाऱ्या दोन रिलेंमध्ये ३० आणि ८६ या पिनांची जागा उलटी असू शकते. तसा रिले बसतो व्यवस्थित, पण सर्किटची वाट लावतो.

बदलायला दुसरा रिले नसेल तर मल्टिमीटर घ्यावा. रिले काढून ८५ आणि ८६ यांच्यामधला विरोध मोजावा. १२ व्होल्टच्या सामान्य रिलेत तो साधारण ५० ते १२० ओहम भरतो. मीटरवर काहीच वाचन आले नाही तर कॉइल तुटलेली आहे, आणि शून्याजवळ आले तर ती शॉर्ट आहे. मग फ्यूज लावलेल्या वायरीने या दोन पिनांना बॅटरीचे १२ व्होल्ट द्यावेत. काही रिलेंत कॉइलला समांतर डायोड असतो आणि त्याची आकृती अंगावर छापलेली असते. अशा रिलेला उलटा करंट दिला तर डायोड जळतो, म्हणून धन टोक बहुधा ८६ वरच द्यावे लागते. पट्टी खेचली गेली की ३० आणि ८७ यांच्यामधला विरोध जवळजवळ शून्य व्हायला हवा.

ही चाचणी पास झाली तरी शंभर टक्के खात्री नसते, कारण मीटर विरोध मोजताना अगदी क्षीण प्रवाह वापरतो. जळका पॉइंट तेवढा प्रवाह सहज नेतो आणि पंख्याचा दहा-वीस अँपिअरचा भार आला की मान टाकतो. म्हणून खरी परीक्षा भाराखाली घ्यावी. रिले जागेवर असताना, पंख्याला हुकूम दिलेला असताना, ३० आणि ८७ यांच्यामधले व्होल्टेज मोजावे. चांगल्या पॉइंटवर ते ०.२ व्होल्टच्या आत राहते. तिथे १ व्होल्ट दिसला आणि पंखा २० अँपिअर घेत असला, तर त्या चिमुकल्या डबीत २० वॅट उष्णता तयार होते आहे. तिचे प्लास्टिक वितळायला तेवढी पुरेशी असते. गॅरेजमध्ये वेळ वाचवण्यासाठी ही चाचणी सहसा गाळली जाते, पण अधूनमधून येणारे बिघाड हमखास पकडणारी दुसरी सोपी चाचणी नाही.

रिले निर्दोष ठरला तर त्याच्या सॉकेटची चौकशी करावी. ३० च्या खाचेत १२ व्होल्ट असायला हवेत; नसतील तर दोष फ्यूजपासून इथवरच्या वायरमध्ये. कॉइलच्या दोन खाचांपैकी एकीत किल्ली फिरवल्यावर १२ व्होल्ट यावेत, आणि पंख्याचा हुकूम येताच दुसरीला अर्थ मिळावा. अनेक गाड्यांत ही अर्थ ईसीयू देतो. त्यामुळे तिथे जुन्या पद्धतीचा बल्बचा टेस्ट लॅम्प लावू नये. तो जास्त करंट ओढतो आणि ईसीयूचा नाजूक भाग निकामी करू शकतो. मल्टिमीटरच वापरावा. शेवटी ३० आणि ८७ या खाचा फ्यूज लावलेल्या जाड वायरीने क्षणभर जोडाव्यात. पंखा फिरला तर मोटर आणि तिची वायर ठीक आहे. नाही फिरला, तर नवा रिले आणूनही उपयोग नाही. हा प्रयोग स्टार्टरच्या रिलेवर करताना गाडी न्यूट्रलमध्ये आणि हँडब्रेक ओढलेला असल्याची खात्री हवी. गिअरमधली गाडी जागची उडी घेते.

उलट बिघाडही होतो. पॉइंट चिकटले तर किल्ली काढूनही पंखा फिरत राहतो आणि सकाळी सेल्फ मारला तर बॅटरी उतरलेली असते. मात्र काही गाड्यांत इंजिन बंद केल्यावर काही मिनिटे पंखा चालावा अशीच रचना असते, त्यामुळे थोडे थांबून पाहावे. रिले उपसताच पंखा थांबला, तर पॉइंट चिकटलेले असू शकतात किंवा कॉइलला नको असताना हुकूम मिळत असेल. उपसलेल्या रिलेच्या ३० आणि ८७ मध्ये कंटिन्युइटी आली तर पॉइंट चिकटल्याची खात्री पटते. असा रिले ठोकून सोडवता येतो, पण तो पुन्हा चिकटणारच. तो बदलावा.

बदलण्याचे काम खुद्द निदानापेक्षा सोपे आहे. किल्ली काढून आधी बॅटरीचे ऋण टर्मिनल सोडवावे. रिले सरळ वर ओढावा. हलवत-पिळत काढला तर सॉकेटच्या आतल्या पितळी पकडी सैल होतात. घट्ट बसला असेल तर दोन्ही बाजूंनी समान जोर लावावा. पेचकसाने एकाच बाजूने उचकटू नये. रिकाम्या सॉकेटकडे नीट पाहावे. प्लास्टिक तपकिरी झाले असेल, पकड काळवंडली असेल, तर उष्णता तिथेच तयार होत होती आणि नवा रिलेही लवकरच जळेल. अशी पकड बदलून घ्यावी लागते. हिरवा गंज असल्यास कॉन्टॅक्ट क्लीनर मारून पूर्ण वाळू द्यावा.

नवा रिले घेताना जुना सोबत न्यावा. पार्ट नंबर जुळणे सर्वांत चांगले. ते शक्य नसेल तर व्होल्टेज, पिनांची मांडणी, अँपिअर आणि आतला डायोड किंवा रेझिस्टर या चारही गोष्टी जुळवाव्यात. ट्रक आणि बसमधला रिले दिसायला तसाच पण २४ व्होल्टचा असतो. मोटारीत त्याची कॉइल पट्टी खेचत नाही किंवा अर्धवट खेचते. बहुतेक गाड्यांचा साधा रिले स्वस्त असतो, त्यामुळे नकली माल घेऊन वाचणारे पैसे किरकोळच. रिले बसवल्यावर एसी लावून पंखा पाहावा, मग इंजिन तापेपर्यंत उभ्या गाडीत चालू ठेवून पंखा आपोआप लागतो आणि थांबतो याची खात्री करावी.

नवा रिले काही महिन्यांत पुन्हा गेला, तर दोष भारात शोधावा. बेअरिंग झिजलेली पंख्याची मोटर जड फिरते आणि जास्त करंट ओढते. क्लॅम्प मीटर लावला की ते लगेच दिसते. हेडलाइटचेही तसेच. ६०/५५ वॅटचे दोन बल्ब हायबीमवर मिळून सुमारे १० अँपिअर घेतात; त्यांच्या जागी १०० वॅटचे बसवले की हा आकडा साडेसोळाच्या पुढे जातो. वायर, होल्डर आणि रिले मात्र जुन्याच हिशोबाचे राहतात. रस्त्यावर अडलेली गाडी काढण्यासाठी वायरमन रिले काढून ३० आणि ८७ कायमचे ‘डायरेक्ट’ करून देतात. गॅरेज गाठेपर्यंत त्याचा आधार घेता येईल, एरवी नाही. पंखा डायरेक्ट केला तर बॅटरी उतरते. पेट्रोलचा पंप डायरेक्ट केला तर अपघातात इंजिन बंद पडूनही पंप पेट्रोल ढकलत राहतो, आणि आगीचा हा धोका कोणी पत्करू नये.

नव्या गाड्यांत प्रत्येक रिले असा हाताने उपसता येत नाही. काही बॉडी कंट्रोल मॉड्यूलच्या सर्किट बोर्डवर सोल्डर केलेले असतात, तर काहींची जागा हलणारे पॉइंट नसलेल्या इलेक्ट्रॉनिक स्विचने घेतली आहे. अनेक गाड्यांत इंडिकेटरची टिकटिक आता रिलेतून येत नाही, छोट्या स्पीकरमधून वाजवली जाते. अशा गाडीत बिघाडाचा माग स्कॅनर लावूनच काढावा लागतो. हायब्रिड आणि इलेक्ट्रिक गाड्यांत मोठ्या बॅटरीचा प्रवाह जोडणारे कॉन्टॅक्टर तत्त्वाने रिलेच असले, तरी त्यांच्यावर अनेकदा तीनशे-चारशे व्होल्टचा दाब असतो. नारिंगी आवरणाच्या केबल जिथे दिसतील तिथे हात न लावता काम प्रशिक्षित तंत्रज्ञाकडे सोपवावे.