गृहकलह आणि देहोपस्थितीचा अर्ज

खानदेशातून उपजीविकेसाठी येऊन सुरतेच्या लिंबायत, उधना या भागांत स्थिरावलेल्या एखाद्या मराठी कुटुंबात दांपत्यकलह विकोपाला जाऊन पत्नीस कोंडले वा मूल दडवले गेले, तर हेबियस कॉर्पसचा, अर्थात देहोपस्थितीचा अर्ज घेऊन पीडित पक्ष संविधानाच्या अनुच्छेद 226 अन्वये अहमदाबादेस गुजरात उच्च न्यायालयात दाद मागू शकतो. 1960 पूर्वी हीच फिर्याद मुंबईस जात असे. न्यायालय त्या व्यक्तीस समक्ष हजर करण्याचा हुकूम फर्मावते. पत्नी सज्ञान असेल, तर तिची स्वेच्छा निर्णायक. पती वा पिता यांच्या हट्टापायी तिला कोणाच्याही स्वाधीन केले जात नाही.

बालकाबाबत त्याचे कल्याण सर्वोपरी. आईच्या निधनानंतर आजोळच्या आप्तांकडे राहिलेल्या बालिकेचा ताबा पित्यास देणारा मुंबई उच्च न्यायालयाचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने 6 मे 2019 रोजी कायम केला. कायदेशीर हक्क नसलेल्यांच्या ताब्यात मूल असल्यास हा अर्ज चालतो. परंतु सविस्तर चौकशी आवश्यक असल्यास 1890 च्या पालक व पाल्य अधिनियमाचाच मार्ग धरावा लागतो. म्हणून आईबापांनी हे असामान्य अस्त्र सूडासाठी उगारू नये. मुलाच्या हितासाठीच ते वापरावे.