बूड, बुडीत आणि बॉटमरी

इंग्रजीत एक शब्द आहे: बॉटमरी. शाळेच्या वर्गात तो मोठ्याने वाचला तर मागच्या बाकांवर खसखस पिकल्याशिवाय राहणार नाही. अर्थ मात्र अगदी सोज्वळ आहे. बॉटमरी म्हणजे जहाजाच्या बुडावर काढलेले कर्ज. सोळाव्या-सतराव्या शतकातला इंग्रज व्यापारी जहाजाला सरळ 'बॉटम' म्हणत असे. आपण नाही का, 'घरात खाणारी आठ तोंडे आहेत' असे म्हणतो? तोंडावरून माणूस, तसे बुडावरून जहाज. शब्द मूळचा डच, 'बोडेमरी'. इंग्रजांनी समुद्रावर जे जे डचांकडून उचलले त्यातच हाही आला.

हा शब्द मला भेटला तो फार उशिरा. एका कादंबरीच्या निमित्ताने मी जुन्या बंदरांविषयी वाचत होतो. फ्लोरा फाउंटनच्या पदपथावर तेव्हा जुनी पुस्तके मिळत, तिथे व्यापारी संज्ञांचा एक पिवळा पडलेला कोश हाती लागला. बॉटमरीची व्याख्या त्यात चार ओळींची होती. पहिल्या तीन ओळी कोणत्याही कर्जाच्या वाटाव्या अशाच. चौथी ओळ वाचली आणि मी लोकलमध्ये पुस्तक मिटून बसलो. जहाज सुखरूप परतले तर मुद्दल आणि ठरलेले व्याज द्यायचे. जहाज बुडाले तर सावकाराला काहीही मागता येणार नाही. जहाजाबरोबर कर्जही बुडाले.

मी का दचकलो, हे सांगायचे तर तीस वर्षे मागे, उत्तनला जावे लागेल.

१९९०च्या दशकात मी आमच्या बँकेच्या ज्या शाखेत कर्ज विभाग सांभाळत होतो, तिच्याकडे उत्तन, पाली, चौक हा सगळा कोळीवाड्यांचा पट्टा होता. भाईंदर स्टेशनच्या पश्चिमेकडून बस निघे. मुर्धे, राई, मोर्वे, डोंगरी करत, मिठागरांचा खारा वारा खात उत्तनला पोचे. उतरल्याबरोबर बोंबलांचा वास. बांबूच्या उंच मांडवांवर बोंबील एकमेकांच्या जबड्यात जबडा अडकवून जोडीजोडीने वाळत टाकलेले असत. वस्ती बहुतेक ख्रिस्ती कोळ्यांची. होडीच्या नाळेवर क्रूस, आणि त्याच्याच खाली आमच्या बँकेचे नाव.

ते नाव रंगवून घ्यायचे काम माझे. होडी आणि तिचे इंजिन बँकेकडे 'हायपोथिकेट' केलेले आहे, असे त्या पाटीवर लिहिलेले असे. मराठीत आम्ही त्याला नजरगहाण म्हणतो. वस्तू कर्जदाराच्या ताब्यात, आणि बँकेची फक्त तिच्यावर नजर. होडी समुद्रात गेली की ही नजर किती लांब पोचते, हा प्रश्न तेव्हा मला पडला नव्हता.

एका नाखव्याला आम्ही पावणेतीन लाखांचे कर्ज दिले होते. होडी डोलीची, म्हणजे समुद्रात खुंट रोवून त्याला डोल जाळे लावायचे, भरती-ओहोटीच्या ओढीत बोंबील, करंदी आपोआप आत येते. माणूस सरळ, हप्ते वेळेवर. होडीचा विमा दरवर्षी पावसाळ्यात संपे. बंदीच्या त्या दिवसांत होड्या किनाऱ्यावर ओढलेल्या असतात, कोळ्याच्या घरात पैसा नसतो. त्या वर्षी तो माझ्या टेबलाशी आला आणि म्हणाला, "साहेब, विम्याचे पैसे पहिल्या मावऱ्यावर भरतो. चालेल ना?"

मी म्हणालो, "चालेल."

हे संभाषण कुठे लिहिले गेले नाही. खरे तर करारपत्रानुसार बँकेला स्वतः हप्ता भरून ती रक्कम त्याच्या खात्यावर नावे टाकता येत होती. एक व्हाउचर लिहायचे, दोन सह्या. मी ते केले नाही. चांगुलपणा म्हणून केले नाही असे मी बरीच वर्षे स्वतःला सांगत आलो. हंगाम सुरू झाला, फादरनी होड्यांवर पाणी शिंपडून आशीर्वाद दिला, आणि अकराव्या दिवशी रात्रीच्या वादळात ती होडी गेली. शेजारच्या होडीने सगळी माणसे उचलली. होडीचा मात्र एक फळकाही परत आला नाही.

नाखव्याने हाय खाल्ली. बँकेत आली त्याची बायको. पासबुक, पावत्या, सगळे एका प्लॅस्टिकच्या पिशवीत. तिची बोली मला लिहिता येणार नाही, पण तिने विचारले ते असे: "साहेब, होडी बुडाली, मग कर्ज कसे तरंगत राहिले?"

मी तिला समजावले, की कर्ज माणसाने घेतलेले असते, होडी हे फक्त तारण. विमा असता तर गोष्ट वेगळी. हे बोलताना मी तिच्याकडे पाहत नव्हतो. नंतर फाइलमध्ये टिपण लिहिले, 'कर्जदाराने विम्याचे नूतनीकरण केले नाही.' वाक्य खरे होते. व्याकरणही शुद्ध होते.

आता मराठीची गंमत पाहा. न फिटणाऱ्या कर्जाला आपण 'बुडीत' म्हणतो, देणेकरी कर्ज 'बुडवतो', बँक 'बुडते'. पैशाची सगळी दुर्दशा आपण पाण्यातून उचललेली. ज्याला आधार नाही ते 'बिनबुडाचे'. संस्कृतमधला 'बुध्न' म्हणजे तळ. आपला बुंधा त्याच घराण्यातला, आणि इंग्रजी 'बॉटम' हाही त्यांचाच सातासमुद्रापलीकडचा भाऊबंद. लॅटिनमधला 'फुंदुस' हा आणखी एक चुलतभाऊ, त्याच्यापासून 'फंड' आला. म्हणजे प्रॉव्हिडंट फंड आणि झाडाचा बुंधा एकाच कुळातले. इतके बूड जवळ असून, खरोखरची होडी खरोखर बुडाल्यावर कर्ज बुडावे, ही कल्पना माझ्या बँकेतल्या मराठीला सुचलेली नव्हती.

पण आपल्या पूर्वजांना ती सुचली होती. याज्ञवल्क्यस्मृतीत व्याजाचे दर दिले आहेत. रानावनातून जाणाऱ्या व्यापाऱ्याला महिन्याला शेकडा दहा, समुद्रावर जाणाऱ्याला शेकडा वीस. महिन्याला, वर्षाला नव्हे! तारण ठेवून घेतलेल्या साध्या कर्जाला याच स्मृतीत महिन्याला सव्वा टक्का आहे. कौटिल्याचेही समुद्राचे गणित वीसच. कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यात बसून विज्ञानेश्वराने मिताक्षरा टीका लिहिली, तिच्यात या चढ्या दराचे कारण दिले आहे, की इथे मुद्दलच नष्ट होण्याची भीती असते. भारतरत्न पां. वा. काणे यांच्या धर्मशास्त्राच्या इतिहासाच्या तिसऱ्या खंडात ऋणादानाचा हा सगळा पसारा आहे. आम्हा बँकवाल्यांना तो कोणी वाचायला लावला नाही.

वाचायला लावली होती ती जोखमी हुंडी. बँकिंगच्या परीक्षांच्या पुस्तकांत हुंड्यांच्या प्रकारांत ती शेवटी येई. शहाजोग, धनीजोग, फर्मानजोग, आणि मग जोखमी. माल जहाजावर चढवायचा, त्याच्यावर हुंडी काढून विकायची. माल धक्क्याला लागला तरच हुंडीचे पैसे, नाही लागला तर हुंडी घेणाऱ्याचे नशीब. पश्चिम किनाऱ्यावरचा हा जुना व्यवहार. एकोणिसाव्या शतकात त्याचे तंटे मुंबईच्या हायकोर्टापर्यंत गेले. मी ती व्याख्या पाठ केली, गुण मिळवले, बढती घेतली आणि विसरलो. बॉटमरी जहाजावर, जोखमी हुंडी मालावर. नात्याने सख्ख्या बहिणी. पण परीक्षेत पाठ केलेले टेबलावर आठवले असते, तर आमच्या बँकांचे बरेच भले झाले असते.

या व्यवहाराचे फार जुने कागद ग्रीकांचे. अथेन्सच्या डेमॉस्थिनिसच्या एका भाषणात असा करारच आला आहे. अथेन्सहून काळ्या समुद्राकडे जाऊन परतायचे, हजार द्राख्मांना २२५ व्याज. पण परतताना स्वाती नक्षत्राच्या उदयानंतर निघालात तर ३००, कारण तेव्हा समुद्र खवळू लागतो. आपल्याकडे नारळी पौर्णिमा पाहून होड्या पाण्यात लोटतात, तिकडे स्वाती पाहून व्याज वाढवीत. दुसऱ्या एका भाषणात हेगेस्ट्राटोस नावाचा इसम आहे. याने सिराक्यूजमध्ये जहाजावर भरमसाट कर्जे काढली, पैसे घरी पाठवून दिले आणि भर समुद्रात रात्री खाली उतरून जहाजाचे बूड फोडू लागला. जहाज गेले की कर्ज गेले! प्रवाशांना आवाज गेला, ते धावले. हा पळून होडक्यात उडी मारायला गेला, अंधारात नेम चुकला आणि बुडून मेला. जहाज मात्र बंदराला लागले. आमच्या तपासणी अधिकाऱ्यांनी हा माणूस फार जवळचा मानला असता.

शेक्सपिअरचा अँटोनिओसुद्धा आपल्या जहाजांना बॉटमच म्हणतो. पण त्याने शायलॉकला लिहून दिलेला रोखा बॉटमरीचा नव्हता. तसा असता तर जहाजे बुडाल्याची बातमी आल्याबरोबर कर्ज संपले असते, आणि पौंडभर मांसासाठी कोर्टात जायचे कारणच उरले नसते. नाटक मात्र पडले असते.

इंग्रजांच्या काळात या शब्दाला वेगळेच तेज आले. परमुलखातल्या बंदरात जहाज मोडून पडले आहे, मालक हजारो मैलांवर, कप्तानाकडे पैसा नाही. अशा वेळी त्याने जहाजाचे बूड गहाण टाकून दुरुस्ती करावी, अशी मुभा असे. त्याचा एक नियम बँकवाल्याची झोप उडवील. आमच्याकडे ज्याचा बोजा आधी त्याचा हक्क आधी. बॉटमरीत उलटे: ज्याने शेवटी पैसे दिले त्याचे आधी फेडायचे, कारण त्याने जहाज वाचवले नसते तर आधीच्यांना बूडही मिळाले नसते. १८७० मध्ये मुंबई समुद्रातल्या तारेने विलायतेला जोडली गेली. कप्तान मालकाला तार करू लागला, विमा कंपन्या बळावल्या, आणि बॉटमरी म्हातारी झाली. जहाजे अटकवण्याविषयीच्या १९५२च्या आंतरराष्ट्रीय करारात ती आहे. १९९९च्या करारात तिचे नाव नाही. आपल्या १९६३च्या सागरी विमा कायद्यात मात्र हा शब्द आला आहे, माळ्यावर ठेवलेल्या पितळी हंड्यासारखा.

आणि माझ्या मनाला लागलेली गोष्ट पुढेच आहे. जुन्या सागरी कायद्याच्या पुस्तकांत कप्तानाने केलेल्या या बुडगहाणालाच 'हायपोथिकेशन' म्हटलेले आढळते. म्हणजे क्रूसाखाली मी रंगवून घेतलेला शब्द तोच! एके काळी त्या शब्दात सावकाराचा हक्क आणि सावकाराची जोखीम दोन्ही होते. आमच्यापर्यंत पोचला तेव्हा पहिला भाग शिल्लक होता.

नाखव्याच्या बायकोने ते कर्ज फेडले. हप्ते लहान करून दिले, तेवढे माझ्या हातात होते. सुकट, सुके बोंबील विकून ती सात वर्षे भरत राहिली. तोपर्यंत माझ्या दोन बदल्या झाल्या होत्या. बेबाकीचा दाखला तिला दुसऱ्याच कोणी दिला.

गेल्या हिवाळ्यात मी उत्तनला गेलो. आता ते मीरा-भाईंदर महानगरपालिकेत आहे, पण वास तोच. विचारत विचारत तिच्या अंगणात पोचलो. नाखवा काही वर्षांपूर्वी वारला. ती बोंबील उलटत होती, ओळखले लगेच. चहा झाला. मी तिला म्हणालो, "बाय, तुमच्या त्या प्रश्नाचे उत्तर मला सापडले. पूर्वी असे कर्ज असे, की होडी बुडाली तर तेही बुडायचे."

"व्याज किती?"

"महिन्याला शेकडा वीस."

ती हसली. "मग होडी नसती बुडाली तरी आम्ही बुडालो असतो."

हिशेब चोख होता. अर्थात, शेकडा वीस घेणाऱ्या सावकाराने विम्याचे पैसे भरले की नाही, हे पावसाळ्यातच उत्तनला येऊन पाहिले असते. बूड त्याचेही होडीतच होते. हे मी तिला बोललो नाही. बोललो ते दुसरेच. त्या पावसाळ्यात तिचा नवरा माझ्या टेबलाशी आला होता, आणि मी 'चालेल' म्हणालो होतो, ते.

तिच्या हातातला बोंबील तसाच राहिला. मग म्हणाली, "तो म्हणायचा, साहेबांना सांगितलेय, साहेब हो म्हणालेत. मला वाटायचे, पैसे दुसरीकडे उडवले आणि आता थापा मारतोय. मरेपर्यंत मी त्याला तेच ऐकवले."

मी काहीतरी म्हणालो असेन. काय, ते आठवत नाही. ती उठली, मांडवाच्या पलीकडच्या बाजूला गेली आणि राहिलेले बोंबील उलटू लागली. शेवटची बस सुटायला वेळ होता, पण मी निघालो.