तीन हजार वर्षं तुटलेली तलवार

आपल्याकडे मूर्ती भंगली की तिचं विसर्जन करतात. खंडित मूर्ती देव्हाऱ्यात ठेवत नाहीत. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या मध्यभूमीत मात्र एका भंगलेल्या तलवारीचे तुकडे तीन हजार वर्षं जपले गेले, बापाकडून मुलाकडे सोपवले गेले, आणि त्या तुकड्यांवर एका राजघराण्याचा हक्क टिकून राहिला. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ (1954-55) ही कादंबरी अंगठीची म्हणून ओळखली जाते. मला मात्र तिच्यातली ही तलवार पुन्हा पुन्हा बोलावते.

तिचं मूळ नाव नारसिल. टॉल्किन ऑक्सफर्डमध्ये भाषांचे प्राध्यापक होते आणि नावं ठेवण्यात त्यांनी कधीच कुचराई केली नाही. या एका शब्दात सूर्याची आग आणि चंद्राचा शुभ्र प्रकाश असे दोन धातू त्यांनी एकत्र ओतले आहेत. ती घडवली नोग्रोदच्या तेल्खार नावाच्या बुटक्या लोहाराने. त्याच्याच हातचा एक सुरा पुढे सैतानी मोर्गोथच्या लोखंडी मुकुटातून रत्न उपसून काढायला उपयोगी पडला. यावरून त्याच्या भट्टीची कल्पना यावी.

अंगठीचा दुष्ट स्वामी सौरॉन याच्याविरुद्धच्या युद्धात, दुसऱ्या युगाच्या 3441व्या वर्षी, राजा एलेंदिल कोसळला आणि तलवार त्याच्या अंगाखाली मोडली. तिचं तेज विझलं. त्याचा मुलगा इसिल्दुर याने मुठीकडच्या तुकड्याने सौरॉनच्या बोटासकट अंगठी कापून घेतली. म्हणजे या शस्त्राचं सगळ्यात मोठं काम ते मोडल्यानंतरचं आहे. दोन वर्षांनी इसिल्दुर वाटेत मारला गेला, पण त्याआधी त्याने आपल्या ओह्तार नावाच्या सेवकाला तुकडे देऊन पळून जायला सांगितलं. लढाई सोडून जाण्याची आज्ञा पाळणं त्या माणसाला किती जड गेलं असेल! त्याने ती पाळली, म्हणून तुकडे एल्फांच्या रिव्हेंडेलला पोचले. तिथल्या अधिपती एलरॉन्डने सांगून ठेवलं की अंगठी पुन्हा सापडेपर्यंत आणि सौरॉन परतेपर्यंत ही तलवार कोणी सांधणार नाही.

मग राज्य फुटलं, बुडालं. राजांचे वंशज रानावनात हिंडणारे पहारेकरी झाले. मुकुट नाही, सिंहासन नाही, उरले ते लोखंडाचे तुकडे. या वंशातल्या अरागॉर्नला विसाव्या वर्षी आपण कोण आहोत हे कळलं आणि त्याच्या हाती वारसा म्हणून ते तुकडे आले.

ब्री गावच्या सराईत तो अंगठी घेऊन निघालेल्या फ्रोडोला भेटतो, तेव्हा म्यानातून तलवार काढून दाखवतो. मुठीखाली फूटभरावर पातं तुटलेलं. हिचा फारसा उपयोग नाही, हे तो स्वतःच कबूल करतो. पुढे वेदरटॉपच्या टेकडीवर सौरॉनचे काळे स्वार अंगावर येतात, तेव्हा तो दोन्ही हातांत जळती लाकडं घेऊन धावतो. वनात जिवावर बेतणारं आयुष्य काढणारा माणूस निकामी शस्त्राचं ओझं कमरेला वागवतो, कारण ते त्याच्या मालकीचं नाही. त्याच्याकडे सोपवलेलं आहे. पीटर जॅक्सन यांच्या चित्रपटांबद्दल माझी तक्रार इथेच आहे. तिथे तुकडे रिव्हेंडेलमध्ये एका शिल्पाच्या हातांवर मांडलेले असतात, आणि अरागॉर्न दुसरी धड तलवार घेऊन फिरतो. तलवार सांधली जाते तीही तिसऱ्या चित्रपटात (2003). न्यूझीलंडच्या वेटा वर्कशॉपमध्ये पीटर लायन या लोहाराने घडवलेलं ते पातं देखणं आहे, पण मोडकी तलवार मिरवण्यातला संकोच आणि निष्ठा पडद्यावरून निसटली.

पुस्तकात ती सांधली जाते रिव्हेंडेलमध्ये, एलरॉन्डच्या सभेनंतर. त्या सभेला योद्धा बोरोमिर एकशे दहा दिवसांचा प्रवास करून आलेला असतो, कारण स्वप्नात त्याला तुटलेल्या तलवारीचा शोध घे असं सांगितलं गेलंय. अरागॉर्न ती त्याच्यासमोर मेजावर टाकतो. मग एल्फ लोहार भट्टी पेटवतात. पात्यावर चंद्रकोर आणि किरणांचा सूर्य, दोहोंच्या मध्ये सात तारे, भोवती रून लिपीतली अक्षरं. नवं नाव आंदुरिल, पश्चिमेची ज्वाला. तुटलेली तलवार पुन्हा घडवण्याची ही कल्पना उत्तरेकडच्या जुन्या कथांतून येते. व्होल्सुंग सागात सिगमुंडची तलवार ओडिनच्या भाल्यावर आपटून मोडते, आणि तिच्या तुकड्यांतून रेगिन सिगुर्डसाठी नवी घडवतो. सिगुर्ड ती ऐरणीवर मारून पारखतो. टॉल्किनच्या तलवारीला मात्र ऐरणीची परीक्षा नाही; तिची परीक्षा होऊन गेलेली आहे.

लोथलॉरिएनच्या वनात एल्फराणी गॅलाड्रिएल तिच्यासाठी म्यान देते. त्यावर सोन्यारुप्याची पानं-फुलं, आणि रत्नांत जडवलेलं तलवारीचं नाव व वंश. या म्यानातून उपसलेलं पातं पराभवातही डागाळणार नाही, मोडणार नाही, असं ती सांगते. मला लक्षात राहतं ते वंश लिहिणं. तलवार हातात येण्याआधी तिची वंशावळ वाचावी लागते.

मोरियात ती ओर्क सरदाराचं शिरस्त्राण फोडते, पेलेनोरच्या मैदानात तळपते, हे खरं. पण रोहानच्या राजदरबाराच्या दारात द्वारपाल हामा शस्त्रं बाहेर ठेवायला सांगतो, तो प्रसंग मला या सगळ्यांहून मोठा वाटतो. आधी अरागॉर्न अडतो. मग स्वतःच्या हाताने ती भिंतीला टेकवून ठेवतो आणि बजावतो की एलेंदिलच्या वारसाखेरीज कोणी ही उपसली तर त्याला मृत्यू येईल. हामा मागे सरतो. उपसली न जाताच तलवार इथे लढते.

पेलेनोरच्या लढाईनंतर मिनास तिरिथ शहराची दारं जिंकणाऱ्यासाठी उघडी असतात. अरागॉर्न आपला झेंडा गुंडाळायला लावतो आणि तळ बाहेरच ठोकतो. रात्री तो राखाडी एल्फ झगा पांघरून शहरात येतो, कारण रुग्णालयात बोरोमिरचा भाऊ फारामिर मरणाच्या दारात आहे. तो अथेलास नावाच्या, लोकांनी तण समजून दुर्लक्षिलेल्या वनस्पतीची पानं मागवतो. त्यांवर फुंकर घालतो, चुरडतो आणि वाफाळत्या पाण्यात टाकतो. खोलीत ताजा वास पसरतो. फारामिर डोळे उघडतो आणि समोरच्या माणसाला राजा म्हणून हाक मारतो.