‘कीटविशेष’ म्हणजे कोण?

संस्कृतच्या जुन्या टीकाकारांना एक खोड आहे. झाड ओळखीचं नसलं की ‘वृक्षविशेषः’, पाखरू ओळखीचं नसलं की ‘पक्षिविशेषः’ असं लिहायचं आणि पुढच्या श्लोकाकडे वळायचं. म्हणजे ‘असतं एक झाड, असतं एक पाखरू, तुम्हाला काय करायचंय?’ कॉलेजात आम्हाला कालिदासाचं ‘विक्रमोर्वशीय’ शिकवणाऱ्या सरांनीही ‘इंद्रगोप’ या शब्दापाशी हेच केलं. ‘कीटविशेष. एक लाल किडा. चला पुढे.’ परीक्षेत तेवढं लिहिलं तरी मार्क मिळायचे, त्यामुळे मीही पुढे गेलो. हाच किडा आपण लहानपणी आजोळी काडेपेटीत घालून उशाशी घेऊन झोपायचो, हे ध्यानात यायला मला पुढे वीस वर्षं लागली.

तो प्रवेश मात्र विसरण्यासारखा नाही. चौथ्या अंकात उर्वशी रुसून कुमारवनात शिरते आणि तिची वेल होते. राजा पुरूरवा वेडापिसा होऊन तिला रानभर शोधतो. पावसाळा लागलेला. एका ठिकाणी त्याला पोपटाच्या पोटासारखं हिरवं काहीतरी जमिनीवर पसरलेलं दिसतं, त्यावर लाल ठिपके. त्याची खात्रीच पटते, की हे तिचं वक्षावरचं वस्त्र. रागारागाने जाताना गळून पडलं, आणि ओठांचा रंग धुऊन उतरलेल्या आसवांचे हे थेंब त्यावर पडले. तो जवळ जातो, निरखून बघतो. वस्त्र नाही, कोवळं गवत आहे आणि त्यावर इंद्रगोप आहेत. कालिदास इथे एका शब्दाचाही खुलासा करत नाही. नाटक बघायला बसलेल्यांनी तो ठिपका पाहिलेला होता, मग खुलासा कशाला?

‘ऋतुसंहारा’तल्या वर्षावर्णनातही हेच. तिथे वैदूर्याच्या तुकड्यांसारखे गवताचे कोंब आणि त्यांत इंद्रगोप, म्हणून भूमी रत्नं ल्यालेल्या सुंदरीसारखी दिसते. पण ही कल्पना कालिदासाच्या पदरची नाही. वाल्मीकीच्या किष्किंधाकांडात, अठ्ठाविसाव्या सर्गात, सीतेच्या विरहात पावसाळा काढणारा राम लक्ष्मणाला रान दाखवतो, तेव्हा हेच दृश्य आहे. नव्या हिरवळीत मधूनमधून इंद्रगोपांची पिल्लं, आणि पृथ्वी कशी, तर लाखेच्या रंगाचे शिंतोडे उडालेलं पोपटी कांबळं अंगाला लपेटून घेतलेल्या बाईसारखी. ‘विक्रमोर्वशीय’ आणि रामायण, दोन्हीकडे पोपटी रंग, दोन्हीकडे लाल शिंतोडे, दोन्हीकडे बाईचं वस्त्र, आणि दोन्हीकडे पाहणारा पुरुष विरही. कालिदासाने वाल्मीकीचं कांबळं उचललं आणि त्याचं उर्वशीचं तलम अंशुक करून टाकलं, असं मला वाटतं. उसनवारी करावी तर अशी.

आता कोशांकडे वळू. वामन शिवराम आपट्यांनी १८९०च्या कोशात इंद्रगोप म्हणजे लाल किंवा पांढऱ्या रंगाचा किडा असा अर्थ दिला आहे. हा ‘पांढरा’ कुठून आला, कोण जाणे. मोनियर विल्यम्सच्या १८९९च्या कोशात दोन अर्थ आहेत, एक कोचिनीलचा किडा आणि दुसरा काजवा. मॅक्स म्युलरने त्याआधीच, १८८४ साली, बृहदारण्यक उपनिषदाच्या भाषांतरात सरळ ‘कोचिनील’ लिहून टाकलं होतं. १९२१मध्ये ह्यूमने त्याचा भुंगेरा केला. एवढी थोर माणसं आणि एका किड्यासाठी इतके अर्थ! कारण सगळे शोधत होते लाल रंग, तो प्राणी कुठे बसलाय हे कुणी बघत नव्हतं.

काजवा घ्या. काजवा रात्रीचा, उडणारा. पुरूरव्याला दिसलेले ठिपके दिवसाउजेडी जमिनीवर होते, आणि आसवांचे लाल डाग वाटावेत असे होते. शिवाय काजव्याला संस्कृतात खद्योत हे झकास नाव असताना त्याच्यासाठी दुसरं शोधायची गरज काय? लाखेचा किडा म्हणावा, तर तो पळस, बोर, कुसुम यांच्या फांद्यांना चिकटून राळेच्या कवचाखाली जन्म काढतो, गवतात फिरायला येत नाही. आणि कोचिनीलचं तर हसूच येतं. हा किडा निवडुंगावर जगतो आणि निवडुंग मूळचा अमेरिकेचा. म्हणजे कोलंबसाच्या आधी दोन हजार वर्षं कुणा ऋषीने तो पाहिला म्हणायचं! तो भारतात आला १७९५मध्ये. कॅप्टन नील्सन नावाच्या गृहस्थाने तो ब्राझीलहून कोलकात्यात आणला. ईस्ट इंडिया कंपनीला किरमिजी रंगाच्या धंद्यात पैसा दिसत होता. पण आणलेली जात निघाली रानटी, तिचा रंग कमअस्सल. तिने रंग दिला नाही तो नाहीच, इथल्या एका जातीच्या निवडुंगाचा मात्र फडशा पाडला. किड्याने तण मारण्याच्या शास्त्रात हे आजही अगदी सुरुवातीचं उदाहरण म्हणून सांगतात.

मग उरतो कोण? पहिल्या पावसानंतर येणारा, कोवळ्या गवतात जमिनीवर फिरणारा, दिवसा दिसणारा, विखरून असणारा आणि रक्तासारखा लाल. हा प्रश्न माणदेशातल्या कुठल्याही पोराला विचारला असता तर त्याने शेंबूड पुसता पुसता सांगितलं असतं, मिरगाचा किडा! युरोपातल्या पंडितांनाही शेवटी ते पटलं. स्टॉकहोमचे भारतविद्यापंडित सीगफ्रीड लीनहार्ड यांनी १९७८मध्ये या एका शब्दाच्या अर्थावर आणि वापरावर अख्खा निबंध लिहिला. इटलीतल्या तूरीनहून निघणाऱ्या भारतविद्येच्या नियतकालिकात तो छापून आला.

माझ्या आजोळी मृगाचा पहिला दणका येऊन गेला, की दुसऱ्या दिवशी सकाळी उन्हं वर यायच्या आत आम्ही बांधावर जायचो. ओल्या मातीतून तो वर आलेला असायचा. मोठा असला तर बोटाच्या पेराच्या निम्म्याने, गुबगुबीत, पाठीवर मधे दाबल्यासारखा. हातावर घेतला की वजन म्हणून लागत नाही. लागते ती मखमल. दाट, आखूड, ओल्या मातीतून आला तरी न भिजलेली. बोट लावलं की पाय पोटाशी घेऊन मेल्याचं सोंग करतो. थोडं थांबलं की पुढचे दोन पाय उचलून आंधळ्याच्या काठीसारखे इकडेतिकडे चाचपत निघतो. आम्ही काडेपेटीत गवताची दोन पाती घालून त्याला ठेवायचो. त्याला गवत आवडतं अशी आमची समजूत होती. साफ चूक. तो मांसाहारी आहे. पहिल्या पावसाबरोबर पंख फुटून उडणाऱ्या वाळव्या खाली पडतात, त्यांच्यावर त्याची चैन असते. दुसऱ्या किड्यांची अंडीही तो फस्त करतो. आमच्या काडेपेटीत बिचाऱ्यावर उपासमारीची पाळी येत होती.

आणखी एक चूक आम्ही करत होतो, ती मात्र टीकाकारांनीही केली. तो किडा नव्हेच. नीट पाय मोजले तर आठ भरतात. सहा पायांचे ते कीटक, आठ पायांचे कोळी, विंचू, गोचीड यांच्या गोतातले. हा त्या गोतातला, कोळ्यांचा लांबचा भाऊबंद. शास्त्रात त्याला ट्रॉम्बिडियम म्हणतात. गंमत म्हणजे अंड्यातून निघतो तेव्हा त्याला सहाच पाय असतात. ते वय तो नाकतोड्यासारख्या एखाद्या किड्याच्या अंगाला चिकटून, त्याचं रक्त पिऊन काढतो. पुढे कात टाकली की आठ पाय येतात आणि तो स्वतःची शिकार स्वतः करू लागतो. वर्षाचा बहुतेक काळ जमिनीत काढून पावसाबरोबर थोडे दिवस तो वर येतो, जोडीदार शोधतो, पोट भरतो आणि परत मातीत जातो. इतका भडक लाल असून पाखरं त्याला शिवत नाहीत, कारण चव घाण आहे. तो लाल रंग म्हणजे पाटीच आहे, ‘खाऊ नये’ अशी.

ही लाली वैद्यांनी फार कामाला लावली. चरक आणि सुश्रुत दोघेही निर्दोष रक्ताचा रंग सांगताना इंद्रगोपाकडेच बोट दाखवतात. चरकाने सोबतीला तापवलेलं सोनं, कमळ, आळता आणि गुंज दिली आहे. त्या काळी हिमोग्लोबिनचा आकडा नव्हता, रंग ताडून पाहायचा तर सगळ्यांना ठाऊक असलेल्या वस्तूशीच. म्हणून ही यादी मला प्रयोगशाळेतल्या रंगपट्टीसारखी वाटते. सुश्रुत तर बिघडलेल्या रक्ताचंही वर्णन देतो. वाताने बिघडलेलं फेसाळ, पित्ताने बिघडलेलं असं, की मुंग्या-माश्यांनाही नको. रसशास्त्रवाले आणखी पुढचे. मोरचुदातून काढलेलं सत्त्व म्हणजे तांबं, ते इंद्रगोपासारखं दिसतं असं ‘रसरत्नसमुच्चय’ सांगतो. महाभारतात द्रोणपर्वात घोड्यांच्या रंगांची लांबलचक यादी आहे. तिथे पाच केकय बंधूंचे घोडे याच रंगाचे. इंद्रगोप हा आधी प्राणी असेल, पण पुस्तकांत तो रंगाचंच नाव होऊन बसला. आपण ‘मोरपिशी’ किंवा ‘डाळिंबी’ म्हणतो तेव्हा पुढ्यात मोर किंवा डाळिंब कुठे असतं? कोशकारांची गफलत झाली ती इथे.

सगळ्यांत नवल बृहदारण्यकाचं. दुसऱ्या अध्यायात माणसाच्या आतल्या पुरुषाचं रूप कसं, ते सांगायचंय. उपनिषद एकामागून एक उपमा देतं. हळदीने रंगवलेलं वस्त्र, पांढुरकी लोकर, इंद्रगोप, अग्नीची ज्वाळा, पांढरं कमळ आणि एकदम लखलखून गेलेली वीज. शंकराचार्य भाष्यात एवढंच सांगतात, की इंद्रगोप अतिशय लाल असतो. आणि ही यादी संपते तिथेच लगेच ‘नेति नेति’, म्हणजे ‘हे नव्हे, हे नव्हे’, येतं. वेदान्तावरच्या व्याख्यानांत ‘नेति नेति’ शेकडो वेळा ऐकलं. त्याच्या उंबऱ्यावर मिरगाचा किडा बसलाय हे कुणाच्या तोंडून ऐकल्याचं आठवत नाही.

नावाचं काय? गोप म्हणजे गुराखी, गाई राखणारा, आणि पुढे नुसताच राखणारा. मग इंद्रगोप म्हणजे इंद्राचा गुराखी, की इंद्र ज्याचा राखणदार आहे तो? आपटे दुसऱ्या बाजूचे. हा पावसात जन्मतो म्हणून इंद्र त्याचा रक्षक, अशी फोड ते देतात. ऋग्वेदाच्या आठव्या मंडलात हा शब्द आहे, पण तिथे किड्याचा मागमूस नाही. ज्यांचा पाठीराखा इंद्र आहे अशी माणसं, एवढाच अर्थ. त्यामुळे व्याकरण आपट्यांच्या बाजूने आहे. मला मात्र गाय सोडवत नाही. रशियन लोक त्यांच्याकडच्या लाल ठिपकेदार भुंगेऱ्याला ‘देवाची छोटी गाय’ म्हणतात. हिब्रूत तोच ‘मोझेसची गाय’ होतो. एवढ्याशा लाल किड्यात माणसांना देव आणि गाय का दिसावी? भाषाशास्त्रज्ञांनी यावर बरंच लिहिलं आहे, पण माझं समाधान झालेलं नाही.

आपल्याकडच्या भाषांनी मात्र इंद्राचा नाद सोडला. हिंदीत तो झाला बीरबहूटी. त्यातली ‘बहूटी’ म्हणजे वधूटी, नववधू. युनानी दवाखान्यांत याच नावाने त्याचं तेल विकतात. त्याच्या गुणांची जाहिरात वाचून माणूस लाजेल, आणि त्यापायी रानातून वेचून नेलेले हे जीव डब्यांत वाळून जातात. पंजाबीतही तो वहुटीच, आणि ओडियात साधव बोहू, म्हणजे व्यापाऱ्याची सून. लाल शालू नेसलेली, उंबऱ्याबाहेर क्वचित दिसणारी. मराठीने आणि तेलुगूने शालूकडे पाहिलंच नाही, पंचांगाकडे पाहिलं. तेलुगूत तो आरुद्र पुरुगु, म्हणजे आर्द्रेचा किडा. आर्द्रा लागते २१-२२ जूनला, आपलं मृग ७-८ जूनला. एकच जीव, दोन नक्षत्रं. बी पेरायचं कधी, या प्रश्नाभोवती ज्यांचं वर्ष फिरतं, ते किड्याला नवरी म्हणत बसत नाहीत.

अडचण एवढीच, की किडा पंचांग वाचत नाही. २०२५ साली मोसमी पाऊस २६ मेलाच मुंबईत येऊन थडकला. त्याच आठवड्यात आमच्या मागच्या टेकडीवर पायवाटेच्या कडेला मला सात-आठ किडे दिसले. शेजारच्या घरातली आजी नातवाला घेऊन फिरायला आली होती. नातू उकिडवा बसून पाय मोजत होता, कारण शाळेत नुकतंच कीटक म्हणजे सहा पाय असं शिकवलेलं. त्याचा हिशेब जुळेना.

‘आजी, आठ आहेत गं. हा किडा नाहीये.’

आजीने चष्मा पुसला, वाकून बघितलं, आणि तिची तक्रार वेगळीच निघाली.

‘पायाचं ऱ्हाऊ दे रे. मिरगाचं किडं रोहिणीतच कसं काय आलं?’