शब्दांवांचून हंसविणारीं चित्रें

दिवाळी अंक ही मराठी घराची एक वार्षिक सवय आहे. काशिनाथ रघुनाथ मित्र यांनीं १९०९ सालीं 'मनोरंजन' मासिकाचा दिवाळी अंक काढला, तेव्हांपासून ती रुजत गेली. ठाण्यास मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ सालींच स्थापन झालें होतें. अशा शहरांत, नौपाड्यासारख्या वाचनप्रिय वस्तींत, एकेक अंक साऱ्या कुटुंबाच्या हातून फिरे. त्यांतील लेख वडिलांचे, कथा आईच्या, कविता थोरल्या भावंडांच्या. परंतु ज्या मुलास अद्यापि अक्षरओळख झालेली नाहीं, त्याचें त्या अंकांत काय असे? त्याच्या वांट्यास मुखपृष्ठ येई. या मुखपृष्ठावर अक्षरशून्य मूल व विद्वान आजोबा यांना एकाच वेळीं हंसविण्याचें कार्य ज्या चित्रकारानें केलें, ते शि. द. फडणीस होत.

शिवराम दत्तात्रेय फडणीस यांचा जन्म २९ जुलै १९२५ रोजीं बेळगांव जिल्ह्यांतील भोज या गांवीं झाला. शालेय शिक्षण कोल्हापुरास, म्हणजे आबालाल रहिमान व बाबूराव पेंटर यांच्या नगरींत झालें. पुढें मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेंत त्यांनीं उपयोजित कलेचा अभ्यास केला. जाहिरात, वेष्टन, भित्तिपत्रक यांची ही कला विद्यार्थ्यास एक कठोर धडा देते: पाहणारा घाईंत आहे, तो क्षणभरच थांबेल, आणि तेवढ्या अवकाशांत सांगावयाचें तें सांगून झालें पाहिजे. फडणीस यांच्या पुढील साऱ्या चित्रांत या शिस्तीची छाप दिसते.

मराठी वाचकास विनोदी चित्र नवें नव्हतें. शं. वा. किर्लोस्कर यांनीं 'किर्लोस्कर' मासिकांतून त्याची गोडी लाविली होती. तथापि असें चित्र बहुधा आंतल्या पानावर असे, व त्याखालीं दोन पात्रांचा संवाद छापलेला असे. विनोद संवादांत असे. चित्र त्याची सोबत करी. मुखपृष्ठाचा मान तर सुंदर स्त्रीच्या चित्राकडे होता. 'हंस', 'मोहिनी' व 'नवल' या मासिकांचे संपादक अनंत अंतरकर यांनीं ही रूढि मोडण्याचें धाडस केलें. १९५२ सालीं 'मोहिनी'च्या मुखपृष्ठावर फडणीस यांचे एक तरुण व एक तरुणी अवतरलीं. तरुणाच्या सदऱ्यावर मांजरांची नक्षी आहे, आणि तरुणीच्या साडीवर उंदरांची. बस्स, एवढेंच! चित्राखालीं एक अक्षर नाहीं. तरीही पाहणाऱ्यास दोघांच्या मनांतील सारी गंमत कळते. कारण मांजर व उंदीर यांचें नातें सांगण्यास शब्दांची गरज नसते.

या विनोदाची घडण थोडी उकलून पाहण्यासारखी आहे. कापडावर प्राण्यांची नक्षी असणें ही नित्याची गोष्ट. दोन तरुण माणसें शेजारी उभीं असणें हीही नित्याचीच. या दोन साध्या गोष्टी एकत्र आल्या कीं त्यांतून तिसराच अर्थ निघतो, आणि तो अर्थ पाहणाऱ्याला स्वतः शोधावा लागतो. ज्यानें शोधला त्यालाच हंसूं येतें. म्हणून तें हंसूं त्याच्या मालकीचें असतें. कोणाच्या वैगुण्यावर बोट ठेवणें हा येथें हेतु नाहीं. राजकीय व्यंगचित्राला लक्ष्य लागतें, आणि त्या लक्ष्याचें नांव विस्मृतींत गेलें कीं चित्रही मुकें होतें. फडणीस यांनीं मुख्यतः हास्यचित्राची वाट धरली. त्यांचे विषय घर, बाजार, प्रवास, पाऊस, पाळीव प्राणी हे असल्यामुळें तीं चित्रें शिळीं झालीं नाहींत.

अशा चित्रकारास मुलांच्या पाठ्यपुस्तकाकडे बोलावणें आलें, यांत नवल नाहीं. बालभारती, म्हणजे राज्याचें पाठ्यपुस्तक मंडळ, १९६७ सालीं पुण्यास स्थापन झालें. तिच्या प्राथमिक गणिताच्या पुस्तकांसाठीं फडणीस यांनीं चित्रें काढलीं, आणि रुक्ष म्हणून गाजलेल्या विषयांत हंसूं शिरलें. समजा, पांचांतून दोन वजा करणें शिकवावयाचें आहे. पांच पक्षी रांगेनें काढून दोहोंवर फुली मारली, तर मुलास फुली दिसते. जाणें दिसत नाहीं. तेच दोन पक्षी फांदीवरून उडतांना दाखविले, आणि उरलेल्या तिघांपैकीं एकजण त्यांच्याकडे हेव्यानें पाहात असला, तर वजाबाकी ही प्रत्यक्ष घडलेली गोष्ट होते. गणितांत मागें पडणारीं मुलें पुष्कळदां बुद्धीनें कमी नसतात. पहिल्या पानालाच तीं भ्यालेलीं असतात. हंसतांना भीति टिकत नाहीं, हें या चित्रांचें शास्त्र आहे.

अभ्यासांत गंमत आली तर गांभीर्य जाईल, अशी शंका कांहीं पालकांस येते. ती अगदींच निराधार नाहीं. केवळ शोभेसाठीं घातलेलें चित्र मुलाचें लक्ष पाठापासून दूर नेतें. परंतु जेथें विनोद हाच पाठाचा गाभा असतो, तेथें हंसणें व समजणें हीं एकाच क्षणीं घडतात. त्यासाठीं चित्रकारास गणिताहून अधिक काटेकोर राहावें लागतें. गमतीच्या भरांत त्यानें सहावा पक्षी काढला, तर सारा पाठच चुकला!

जगाच्या साहित्यांत हें नातें जुनें आहे. इंग्लंडचे एडवर्ड लिअर, जर्मनीचे विल्हेल्म बुश, बंगालचे सुकुमार राय, यांनीं चित्र काढणारा हात व मुलांसाठीं लिहिणारा हात एकच ठेविला. व्यंगचित्रकार शंकर यांनीं १९५७ सालीं दिल्लींत बालपुस्तकांची संस्थाच उभी केली. फडणीस यांनींही 'छोट्यांसाठी चित्रकला' लिहून, स्वतःची रेषा मुलांच्या हातीं दिली.

१९६५ सालीं मुंबईच्या जहांगीर कलादालनांत त्यांची 'हसरी गॅलरी' भरली. मासिकाबरोबर रद्दींत जाणारें हास्यचित्र भिंतीवर सन्मानानें टांगलें गेलें, आणि अनेक भाषा बोलणाऱ्या त्या नगरींत त्याला दुभाष्या लागला नाहीं. पुढें 'चित्रहास' या कार्यक्रमांतून त्यांनीं हास्यचित्र कसें पाहावें हें लोकांस समजाविलें, व 'रेषाटन' या पुस्तकांत आपला जीवनप्रवास सांगितला. २०२५ सालीं त्यांच्या जन्मास शंभर वर्षें पूर्ण झालीं.

मुलास अक्षरें शाळा शिकविते. चित्र वाचावयास मात्र घरांतच शिकावें लागतें. मूल एखाद्या चित्रापाशीं थबकलें, तर त्याचा अर्थ सांगण्याची घाई वडील मंडळींनीं करूं नये. थोडा वेळ जाऊं द्यावा. तें आपोआप हंसलें, म्हणजे एक विचार त्यानें स्वतःच्या बळावर पुरा केला असें समजावें.