पालिका गाळे (महाराष्ट्र)

महाराष्ट्रातील महानगरपालिका व नगरपरिषदा आपल्या मंडया आणि व्यापारी संकुलांतील जे दुकानगाळे ठरावीक मुदतीच्या भाडेपट्ट्याने देतात, त्यांस पालिका गाळे व ते घेणाऱ्या व्यावसायिकांस गाळेधारक म्हणतात.

कायदेशीर स्थान
महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ स्थानिक प्राधिकरणाच्या मालकीच्या जागांस लागू नाही. त्यामुळे खासगी भाडेकरूस मिळणारे संरक्षण गाळेधारकास मिळत नाही. त्याचे हक्क करार, मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२, पालिकाविषयक अधिनियम व राज्यघटना यांवर अवलंबून असतात.

पालिकेची कर्तव्ये
१८८२ च्या अधिनियमातील कलम १०८ नुसार, करारात वेगळी तरतूद नसल्यास, पट्टा देणाऱ्याने जागेतील सहज न दिसणारे महत्त्वाचे दोष सांगणे आणि भाडे व अटी पाळणाऱ्यास निर्वेध उपभोग देणे बंधनकारक आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद १४ मुळे वाटप, भाडेवाढ व नूतनीकरण यांत मनमानी करता येत नाही.

दुसरीकडे, गाळे ही सार्वजनिक मालमत्ता असल्याने तिचे रास्त मोल मिळवणे हेही पालिकेचे कर्तव्य ठरते. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ७९ मध्ये चालू बाजारमूल्याचे तत्त्व आहे. या दोन कर्तव्यांतील ताणातून वाद उद्भवतात. जळगाव येथे २०१२ मध्ये मुदत संपलेल्या गाळ्यांच्या थकबाकीचा व नूतनीकरणाचा प्रश्न अनेक वर्षे रेंगाळला.

निष्कासन
भाडे थकवणे वा विनापरवाना पोटभाडेकरू ठेवणे या कारणांवरून कलम ८१ब अन्वये आयुक्त गाळा रिकामा करवून घेऊ शकतात. तथापि आधी नोटीस देऊन बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते. मुदत संपली तरी कायदेशीर प्रक्रियेशिवाय गाळेधारकास बाहेर काढता येत नाही.